कंसातले दोन शब्द

दुकानात गिऱ्हाईक नसलं की दुकानदार काय करतात, हा एक स्वतंत्र अभ्यासाचा विषय आहे. काही पेपर वाचतात, काही पेपरामागे झोपतात. कोपऱ्यावरचे चष्मेवाले मात्र दुपारभर दुसऱ्यांची वाक्यं दुरुस्त करायचे.

काउंटरच्या मागे काच घासायचं यंत्र आणि त्याच्या शेजारी संगणक, अशी त्यांची बैठक होती. इंटरनेटवर एक ज्ञानकोश आहे. कुणीही यावं, कुणीही लिहावं, कुणीही सुधारावं असा त्याचा खाक्या. आता 'कुणीही या' म्हटल्यावर कोण कोण येतं ते सांगायला नको. शाळेवरच्या लेखात मुख्याध्यापकांच्या टकलाचा उल्लेख येतो, नदीवरच्या लेखात कुणीतरी आपल्या मेव्हण्याच्या हॉटेलचा फोन नंबर घालतो. हे सगळं निस्तरायला हौशी माणसांनी छोटी छोटी हत्यारं तयार करून ठेवलेली आहेत आणि चष्मेवाल्यांचा त्या हत्यारांवर जीव होता. एक हत्यार मेलेले दुवे हुडकायचं आणि त्यांची जुनी प्रत कुठूनतरी उकरून आणायचं. दुसरं, विस्कटलेल्या संदर्भांना पीटीच्या मास्तरांसारखं रांगेत उभं करायचं. तिसरं 'थोर', 'अजोड', 'सुविख्यात' असले शब्द पिवळे करून दाखवायचं. एखाद्या पुढाऱ्याचा लेख उघडला की पानाला कावीळ झाल्यासारखं दिसायचं. चौथं हत्यार सगळ्यांत जहाल. खोडसाळ बदल एका टिचकीत उलटवायचा, कारण विचारायचं नाही, लिहायचं नाही. ते फक्त विश्वासातल्या माणसांना मिळतं. चष्मेवाल्यांना मिळालं होतं.

"घरातला नळ गळतोय," त्यांची बायको डबा घेऊन आली की म्हणायची. "त्याला आहे का काही हत्यार, बघा जरा तुमच्या त्या कोशात."

"नळावरचा लेख चांगला आहे," चष्मेवाले म्हणायचे. "संदर्भही भरपूर आहेत."

ज्ञानकोशात त्यांचं नाव होतं 'भिंग'. नवखी मंडळी त्यांना भिंगकाका म्हणत. ही मंडळी कुठे राहतात, दिसतात कशी, हे त्यांना ठाऊक नव्हतं. पण कोण संदर्भाशिवाय लिहितं आणि कोणाला स्वल्पविरामांचा सोस आहे, हे घरच्या माणसांसारखं ठाऊक होतं. त्यांतली 'मुंगी' त्यांची लाडकी. कुठल्याशा इस्पितळाच्या प्रयोगशाळेत नोकरी करते, एवढंच तिनं सांगितलं होतं. हातात घेतलेलं काम तडीला नेल्याशिवाय सोडत नसे.

पण चष्मेवाले या फंदात पडले ते हौसेनं नव्हे. त्यांना तिथे ढकललं होतं वहिनींनी.

त्यांचा दादा साबणाच्या कारखान्यात बॉयलरवर होता. एका दुपारी बॉयलर फुटला. दादासकट सात माणसं गेली. वहिनी लहान मुलाला घेऊन दुकानाच्या वरच्या खोलीत राहायला आल्या आणि तिथेच म्हाताऱ्या झाल्या. बॉयलर जुना होता, दुरुस्तीचे पैसे मॅनेजरनं खाल्ले, असं त्या पहिल्या दिवसापासून सांगत आल्या. बाकीच्या सहा घरांतली माणसं वेगळंच बोलायची. म्हणजे वहिनींशी बोलायचीच नाहीत. रस्त्यात समोर आली तर पलीकडच्या बाजूला जायची.

मुलगा मोठा होऊन दुसऱ्या शहरात गेला. त्याच्या मुलीनं शाळेच्या प्रकल्पासाठी आजीच्या गावातला कारखाना निवडला, ज्ञानकोशातून उतारा घेतला आणि वर्गासमोर वाचून दाखवला. संध्याकाळी तिनं फोन केला.

"आजी, बॉयलरवर आपले आजोबाच होते ना गं?"

वहिनी तशाच जिना उतरून दुकानात आल्या. चष्मेवाल्यांनी लेख उघडला. वाक्य होतं: 'बॉयलरवरील कामगाराच्या हलगर्जीपणामुळे हा स्फोट झाला.' पुढे पूर्णविराम, आणि लगेच कारखान्यातल्या साबणाचे प्रकार.

"भावजी, हे पुसता येतं म्हणतात," वहिनी म्हणाल्या.

चष्मेवाल्यांनी पुसलं. वहिनी जिना चढून वर पोचायच्या आत वाक्य परत आलं होतं. ज्ञानकोशात सांगकामे असतात, म्हणजे माणसांनी नेमून दिलेलं काम न थकता करणारे प्रोग्राम. त्यांतल्या एकाला हा खोडसाळपणा वाटला. चष्मेवाल्यांनी पुन्हा पुसलं. या वेळी एका हाडामांसाच्या सदस्यानं लेखाला जोडलेल्या चर्चापानावर विचारलं, 'आपण या कामगाराचे कोण?' चष्मेवाले म्हणजे सरळ माणूस. त्यांनी लिहून टाकलं: 'धाकटा भाऊ.'

तिथेच खेळ संपला. नात्यातल्या माणसानं त्या लेखाला हात लावायचा नाही, असा नियम आहे. मात्र त्याच सदस्याला दया आली असावी. त्यानं सांगितलं की वाक्याला आधार दिलेला नाही, तेव्हा तुमच्या विनंतीवरून त्यापुढे खूण लावतो. आणि वाक्यापुढे, चौकटी कंसात, बारीक अक्षरांत दोन शब्द आले: 'संदर्भ हवा'.

वहिनींना चष्मेवाल्यांनी ती अक्षरं मोठी करून दाखवली.

"म्हणजे काय?"

"म्हणजे हे सिद्ध झालेलं नाही. कुणीतरी ठोकून दिलंय, असा अर्थ."

"सगळ्यांना दिसतं हे?"

"जगात कुठेही उघडलं तरी दिसतं."

वहिनी बराच वेळ बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "अक्षर जरा ठळक नाही का करता येणार?"

तेव्हापासून दर आठवड्याला फ्रेम सैल झाल्याचं निमित्त काढून वहिनी खाली यायच्या. चष्मेवाले फ्रेम आवळायचे, पान उघडायचे. खूण जागेवर आहे ना, हे वहिनी बघायच्या आणि वर जायच्या. एकदा तर कितीतरी वर्षांनी त्या गल्लीच्या टोकापर्यंत एकट्या जाऊन भाजी घेऊन आल्या. बायको चष्मेवाल्यांना म्हणाली, "तुमच्या कोशानं नळ नाही दुरुस्त केला, पण हे केलं."

नियमाप्रमाणे, खूण लावून बराच काळ आधार मिळाला नाही तर वाक्य काढून टाकता येतं. चष्मेवाल्यांनी मागणी केली असती तर कुणीही काढून दिलं असतं. त्यांनी केली नाही. इथे त्यांच्यातला जाणकार आडवा आला. काढलेलं वाक्य उद्या कुणी नव्यानं आणून घालील, ही त्यांना भीती. त्यापेक्षा ते असंच लंगडत राहिलेलं बरं. लंगड्या वाक्यावर कुणी विश्वास ठेवत नाही.

पण ज्या वाक्यापुढे ती खूण लागते ते एका ढिगात जमा होतं. त्या ढिगासाठी एक हत्यार आहे. ते कामसू माणसांपुढे एकेक वाक्य ठेवतं आणि विचारतं, याला आधार शोधता का? हे हत्यार चष्मेवाल्यांच्या खास आवडीचं. ते कसं वापरावं याचं मदतपान त्यांनीच लिहिलं होतं. मुंगीला ते त्यांनीच शिकवलं होतं. आपण एक वाक्य त्या ढिगात ठेवून, ढीग उपसायला माणसं शिकवून तयार करतोय, हे या चष्मेवाल्या माणसाला दिसलं नाही. दुसऱ्यांच्या डोळ्यांचे नंबर मात्र अचूक काढायचा.

एका दुपारी त्यांच्या पडद्यावर सूचना उमटली. कारखान्याच्या लेखात बदल. करणारी मुंगी. खाली तिचा निरोप: 'भिंगकाका, संदर्भ जोडला. सरकारी ग्रंथालयानं जुने चौकशी अहवाल स्कॅन करून चढवलेत, त्यात सापडला. तुमच्याच हत्याराची कृपा.' कारखान्याचा भिंगकाकांच्या दादाशी काही संबंध आहे, हे तिच्या गावीही नव्हतं. चर्चापानावरची ती जुनी कबुली कधीच अडगळीत जमा झाली होती.

चष्मेवाल्यांनी अहवाल उघडला. जुना टाइप, मधूनमधून शाई उडालेली. वाफेचा दाब वाढला की आपोआप उघडणारी झडप बॉयलरवरच्या कामगारानं तारेनं बांधून ठेवली होती. सारखी वाफ सुटून काम थांबत होतं म्हणून. एका मदतनिसानं इस्पितळात, मरायच्या आधी, जबानी दिली होती. तार सोडा, असं त्यानं दोनदा सांगितलं. त्यावर कामगार हसला आणि म्हणाला, 'काही होत नाही, मी आहे ना.'

चष्मेवाल्यांनी वाक्य पुन्हा वाचलं नाही. गरज नव्हती. सायकल शिकवताना मागचं कॅरिअर धरून दादा हेच म्हणायचा. वडील गेले त्या दिवशी अंगणात उभं राहून हेच म्हणाला होता. असलं वाक्य कुठलाही मॅनेजर रचू शकत नाही.

एका बाईंचा चष्मा घासायला लावला होता. काच यंत्रावर घरघरत राहिली. चष्मेवाल्यांनी चौथं हत्यार काढलं आणि टिचकी मारली. मुंगीचा बदल उलटला. खूण परत आली, ठाकठीक, चौकटी कंसात. यंत्र बंद केलं तेव्हा काच वाया गेली होती.

थोड्या वेळानं मुंगीचा निरोप आला. 'काका, चुकून बोट लागलं का? फोनवर माझंही होतं असं.'

चष्मेवाल्यांनी लिहिलं, 'हो. चुकून.' आणि आपल्या हातानं तिचा संदर्भ परत बसवला. मुंगीनं लगेच 'आभार'चं बटण दाबलं. भिंगकाकांच्या नावापुढे एक छोटंसं हृदय उमटलं.

वहिनी नेमक्या दुसऱ्या दिवशी उतरल्या. "उजवी दांडी ढिली झालीय," म्हणाल्या. चष्मेवाल्यांनी दांडी आवळली. मग स्क्रू काढून परत बसवला. मग काच पुसली.

"पान उघडायचं नाही का आज?"

त्यांनी उघडलं. वहिनींनी पडद्याजवळ तोंड नेलं.

"खूण कुठाय? हा आकडा कसला?"

"संदर्भ सापडला, वहिनी."

"सापडला," वहिनी म्हणाल्या. मग खुर्चीत बसल्या. "मॅनेजरचं नाव आहे त्यात?"

"नाही."

"वाचा मग."

चष्मेवाल्यांनी वाचलं. तारेपर्यंत वहिनी मान हलवत होत्या, पटत नसल्यासारखी. मदतनिसाची जबानी आली, शेवटचं वाक्य आलं आणि त्यांची मान थांबली.

"उलटं लिहिलंय त्यांनी," त्या हळू म्हणाल्या. "आधी 'मी आहे ना' म्हणायचे. मग 'काही होत नाही'."

चष्मेवाल्यांनी स्क्रूड्रायव्हर खणात ठेवला.

"त्या मदतनीस पोराची आई आली होती तेव्हा माझ्या दारात. हेच सांगत होती. मी तिला मॅनेजरनं पैसे चारलेत म्हणाले, सगळ्यांसमोर." त्यांनी चष्मा काढून पदरानं पुसला, परत घातला. "ती पण गेली. कधीच." मग पडद्याकडे बोट केलं. "ह्यात त्या माणसांची नावं आहेत?"

"अहवालात आहेत. लेखात नाहीत."

"मग घाला. साबणांची सगळी नावं घातलीयत. आमच्या ह्यांचं शेवटी घाला."

"मला त्या पानाला हात लावता येत नाही."

"मग त्या तुमच्या मुंगीला सांगा."

चष्मेवाल्यांनी रीतसर विनंती लिहिली, पान क्रमांकासह. या वेळी नातंही सांगितलं. उत्तर यायला वेळ लागला. मुंगीनं आधी माफी मागितली होती, तीनतीनदा, ज्यात तिचा काही दोष नव्हता त्याची. मग लिहिलं होतं, 'काका, मी घातलीही असती. पण अपघातांच्या लेखांतून मृतांच्या याद्या आपण काढतो. ज्ञानकोश म्हणजे स्मारक नव्हे, हे तुम्हीच मला शिकवलंत. तुम्ही स्वतः किती काढल्यात. यांना वेगळा न्याय कसा लावू?'

तिचं बरोबर होतं. खाणीतल्या अपघाताची यादी त्यांनी काढली होती, बुडालेल्या बोटीचीही. कुणाकुणाची नावं होती, ते वाचायच्या भानगडीत न पडता.

दुकान अर्धवट लावून चष्मेवाले जिना चढले. वहिनी खिडकीशी बसल्या होत्या.

"नाही म्हणाली," ते दारातूनच म्हणाले. "नियम आहे. मीच करायचो तो लागू."

"बरं," वहिनी म्हणाल्या. मग विचारलं, "तुम्हाला येतात का हो ती नावं?"

त्यांना दादाचं येत होतं. मदतनिसाचं अहवालात वाचलं होतं. बाकीची येत नव्हती.

"बसा," वहिनी म्हणाल्या.

त्यांनी पहिलं नाव घेतलं, ते कुठल्या घरातलं, घरी मागे कोण होतं, सगळं. मग दुसरं. एकाही नावाला त्या अडखळल्या नाहीत. इतकी वर्षं ज्या माणसांनी त्यांना बघून रस्ता बदलला, त्यांच्या घरातली माणसं त्यांना एकूणएक पाठ होती. खालून कुणीतरी "अहो चष्मेवाले, आहात का?" म्हणून हाक मारली. चष्मेवाले उंबरठ्यावर बसून राहिले. वहिनी चौथ्या नावावर होत्या.