समोरच्या रांगेतली बहीण

केवळाबाईने शपथेवर एकच खोटे सांगितले, आणि तेही बहिणीच्या मायेपोटी. देवगाव फाट्याजवळच्या बापाच्या जमिनीत वाटा मागणारा दावा तिने भाऊ आश्रुबावर लावला, तेव्हा तिच्या वकील रेणुकाताईंनी विचारले होते, "भावंडं किती?"

"आमी दोघंच."

धाकट्या कडूबाईचे नाव तिने गिळले, आणि दाव्यासोबतच्या शपथपत्रातही दोनच भावंडे आली. केवळाबाई ऊसतोडीला जाई तेव्हा तिची लेकरे आणि शेळ्या याच कडूबाईने सांभाळल्या होत्या. आता कडूबाईच्या राजनंदिनीचे लग्न ठरले होते, आणि मामा पाठीशी असल्याशिवाय नवरी अंतरपाटासमोर उभी राहायची कशी? भावाशी वाकडे एकीनेच घ्यावे, दुसरीचे माहेर शाबूत राहावे, असा तिचा विचार होता. माहेर राखायचे तर हक्क मागायचा नाही, ही रीत कुणी लिहून ठेवलेली नाही. म्हणूनच ती खोडताही येत नाही.

आश्रुबाच्या वकिलाने नेमके तेच पकडले. वारस तीन, दाव्यात दोनच. आवश्यक पक्षकार सामील नाही, सबब दावा चालू शकत नाही. सेलूच्या न्यायालयाने दुरुस्तीसाठी शेवटची तारीख दिली.

"वादी करायचं तर तिची संमती लागेल," रेणुकाताई म्हणाल्या. "ती देत नसेल तर प्रतिवादी करावं लागेल. नाहीतर दावा जाईल."

"प्रतिवादी म्हंजी आश्रुबाच्या रांगेत? बहिणीला आरोपी करू व्हय मी?"

"आरोपी नव्हे. तिच्यावाचून वाटणी पुरी होत नाही, एवढाच त्याचा अर्थ."

केवळाबाईला अर्थ पटला. पण तिच्या पेडगावात किंवा कडूबाईच्या गंगाखेडात शब्दाचा अर्थ न्यायालय ठरवत नसते. बेलिफ समन्स घेऊन दारात आला की लोक एवढेच म्हणणार : थोरलीने धाकटीला कोर्टात खेचले.

ती गंगाखेडला पोचली, तर कडूबाईच्या बाजेवर आश्रुबाच चहा पीत बसलेला.

"आल्या का जमीनदारीणबाई!" तो हसला. "जमिनीत निम्मं मागितलंस, आता चहातबी वाटा घे."

"मी कडूच्या घरी आलेय, तुझ्या न्हाई." केवळाबाई चुलीकडे वळली. "कडू, माझ्यासंगं दाव्यात ये. तुझ्या सहीवाचून समदं बुडायलंय."

आश्रुबाची कपबशी हातातच थांबली. "कर की सही, कडू. खुशाल कर. पोरीला मामा तेवढा दुसरा बघ."

कडूबाई ताडकन उठली. "मी माझ्या भावावर दावा लावू? न्हाई करत सही! लयच हौस असंल तर मलाबी उभी कर त्याच्या रांगेत!"

आश्रुबाने समाधानाने उरलेला चहा संपवला. केवळाबाई बाहेर पडली. ती बोळाच्या वळणावर पोचते न पोचते तोच मागून हाक आली, "पिशवी इसरलीस!" पिशवी देताना कडूबाईचा आवाज एकदम खाली आला.

"आक्का, मी तोंडानं मागितलं तर भाऊ जातो. कोर्टानं बोलावलं तर मला यावंच लागतंय. घाल माझं नाव."

"अन् लग्नाआधी बेलिफ आला तर?"

"येऊ दे. मी तुला चारचौघांत शिव्या देईन. तू कान झाकून घे."

कडूबाईला प्रतिवादी करण्याचा अर्ज मंजूर झाला. बेलिफ लग्नाआधीच पोचला आणि कडूबाईने शब्द पाळला : तिच्या शिव्या पेडगावपर्यंत ऐकू आल्या. केवळाबाईला लग्नाचे बोलावणे आले नाही. मामा नवरीच्या पाठीशी उभा राहिला, हे तिने दुसऱ्याच्या तोंडून ऐकले. शिव्या देता देता माणसाला त्या खऱ्या वाटू लागतात, हे ती जाणून होती. कडूबाईची सही कुठे नव्हती, बोळात दिलेल्या शब्दाला साक्षीदार नव्हता. तिने कोर्टात भावाची बाजू घेतली, तर जमिनीचे काहीही होवो, बहीण गेलीच.

तारखेला पुकारा झाला : "केवळाबाई विरुद्ध आश्रुबा आणि कडूबाई!" भाऊ आणि धाकटी एकाच बाकावर बसली होती. हिस्सा सोडते एवढेच म्हण, असे आश्रुबाने तिला वाटेतच बजावले होते. कडूबाईने थोरलीकडे पाहिलेसुद्धा नाही.

"प्रतिवादी दोन, तुमचं म्हणणं काय?" न्यायाधीशांनी विचारले.

कडूबाईने पदर सावरला. "आमच्या बापाला तीन लेकरं व्हती, सायेब. आक्काला तिचा वाटा द्या. मला माझा द्या."

आश्रुबा बाकाच्या टोकाला सरकला. कडूबाई मधल्या मोकळ्या जागेकडे पाहत राहिली. ती जागा आता कधी भरणार नव्हती, हे दोघी बहिणींना कळले होते.