अर्धं पाऊल मागे

चूक माझीच. दिवाळीच्या फराळाला शेजारच्या जर्मन आजोबांना मीच बोलावलं आणि फोटोच्या वेळी म्हणालो, "जरा बाजूला व्हाल? फक्त फॅमिली." ते हसून चटकन सरकले.

जर्मन टीव्हीवरच्या सुरुवातीच्या गुन्हेकथांत त्यांनी वर्षानुवर्षं हवालदाराची कामं केली होती. अमेरिकेत, सनीव्हेलच्या आमच्या अपार्टमेंटच्या जिन्यातही ते बोलताना अर्धं पाऊल मागेच उभे राहत. म्हणत, "इन्स्पेक्टरचा चेहरा झाकला की दिग्दर्शक ओरडायचा."

फोटो धुऊन आले. बायको म्हणाली, "अहो, घरी बोलावलेल्या माणसाला असं बाजूला काढतात?"

आठवडाभर मला धीर झाला नाही. शेवटी त्यांचं दार वाजवलं.

"त्या दिवशी तुम्हाला बाजूला करायला नको होतं."

"छे, मला सवय आहे."

"म्हणूनच माफी मागतोय," मी म्हणालो.