वेल्मूतची तिसरी धाव

वेल्मूत बर्फावरच्या पाचशे मीटर स्केटिंगमध्ये तीनदा देशात पहिली आली. तिन्ही वेळा मी हेरेनव्हेन शहरातल्या बर्फाच्या हॉलमध्ये होतो. तिच्या घरच्यांसाठी राखलेली खुर्ची तिन्ही वेळा रिकामी होती. जन्मभर नाटकांत कामं केल्यावर रिकामी खुर्ची लांबूनही दिसते.

तिचा बाप डाउवे आमच्या गावचा गवळी, आणि हिवाळ्यात कालव्यावरच्या बर्फाचा राखणदार. एकोणिसाव्या वर्षी लेक गाई सोडून हॉलमध्ये सरावाला गेली तेव्हा तो एवढंच म्हणाला, "छपराखाली बर्फ? त्याला फ्रीज म्हणतात." पुढे दर रविवारी ती फोन करायची. तो गाईंची खबर सांगून फोन ठेवायचा.

तिच्या एकतिसाव्या वर्षी कालवा गोठला, तोही आठ वर्षांनी. गावची शर्यत ठरली: दोघी शेजारी शेजारी, एकशे चाळीस मीटर, तीनपैकी दोन धावा जिंकायच्या. वेल्मूत आली. बुटांच्या नाड्या आवळताना मला म्हणाली, "बाबांनी एकदा मला पळताना बघावं. बाकी काही नको."

धावा पुकारायचा कर्णा माझ्या हाती होता. अंतिम फेरीत तिच्यासमोर बेकरीवाल्यांची सून इम्क्ये.

आमच्याकडे पिस्तूल वाजवत नाहीत, काठावरच्या गोठ्यांतल्या गाई बुजतात. रेषेच्या थोडं पुढे उभा राहून डाउवे झेंडा खाली आणतो. वेल्मूत बारा वर्षं पिस्तुलाच्या आवाजावर निघालेली. आधीच्या फेऱ्यांत शेजारणीचे पाय हलल्यावर निघूनही जिंकली होती. इथे पहिल्या धावेला सवयीने मान खाली, कान टवकारलेले, आणि इम्क्ये केव्हाच पुढे.

"चॅम्पियनबाई, झोप झाली का?" काठावरून कोणीतरी ओरडलं.

"इथे कानांनी पळत नाहीत," डाउवे म्हणाला. तिच्या पळण्याबद्दल बारा वर्षांतला त्याचा हा पहिला शब्द.

दुसऱ्या धावेला तिने झेंड्यावर नजर रोवली आणि दोन मीटरने जिंकली.

तिसऱ्या धावेला झेंडा वर गेला आणि थरथरू लागला. वारा अजिबात नव्हता. वेल्मूतची नजर झेंड्यावरून त्या हातावर आली, हातावरून बापाच्या चेहऱ्यावर. तेवढ्यात झेंडा खाली आला. ती जिवाच्या आकांताने पळाली, पण बुटाच्या पात्याएवढ्या अंतराने हरली.

लोकांनी इम्क्येला खांद्यावर घेतलं. वेल्मूत सावकाश घसरत बापाजवळ परत आली.

"कुठे बघत होतीस?"

"झेंड्याकडेच. हात कधीपासून हलतो?"

"थंडी आहे."

"बाबा."

"झाली दोन वर्षं. दूध यंत्र काढतं, अडत नाही काही."

मग तिने विचारलं, "मला पळताना बघितलंत?"

"मी इथे रेषेपाशी. इथून पाठच दिसते." त्याने झेंडा काठीला गुंडाळला. दोनदा सुटला, तिसऱ्यांदा बसला. "पळताना छान वाकतेस. अंधाराआधी निघ, रस्ता निसरडा होतो."

मग झाडू घेऊन तो बर्फाचा चुरा लोटू लागला. तिची गाडी पूल ओलांडून गेली तरी डाउवे तीच जागा झाडत होता. तिथला चुरा केव्हाच संपला होता.