मिस आर्लीनची ग्रेव्ही

आर्लीन हॉस्टेटरच्या हाताला चव होती, हे इंडियानातल्या त्या कॉलेजच्या गावात वेगळं सांगावं लागत नसे. एकवीस वर्षं ती एका फ्रॅटर्निटीच्या, म्हणजे कॉलेजातल्या पोरांच्या मंडळाच्या, राहत्या घरात रांधत होती. चाळीस पोरं, आणि एकाही पठ्ठ्याला स्वतःची बशी विसळायची अक्कल नाही. पण तिचा खरा मान रविवारचा. चर्चच्या जेवणाला तिची पांढरी सॉसेज-ग्रेव्ही, म्हणजे दूध-मैद्यातला मांसाचा दाट रस्सा, आली की लोक आधी त्या पातेल्याकडे वळायचे. नवरा गेला, मुलगी अलास्कात जाऊन बसली. बाईला उरलं होतं ते एवढंच, पातेलं आणि त्यापुढची रांग.

एका उन्हाळ्यात पोरं सुट्टीला गेली आणि घरात सिनेमावाले शिरले. कॉलेजातल्या टवाळ पोरांचा वाह्यात सिनेमा, आणि तोही सातवा भाग. सहा काढून यांची खाज भागली नव्हती.

"तुम्ही रोजच्यासारखी ग्रेव्ही करा," दिग्दर्शक मुलगी म्हणाली. "चमच्यानं चाखा आणि म्हणा, 'आज जमलीय.' बस, एवढंच."

"केस तरी विंचरू दे गं."

"नको, अशाच छान दिसताय."

कागद पुढे आला, आर्लीननं सही ठोकली. तिकडे गाडी भाड्यानं घ्यायची तरी दहा पानांवर सह्या कराव्या लागतात. वाचत बसतो कोण?

पुढच्या वर्षी, पोरं पुन्हा सुट्टीवर असताना, सिनेमा लागला. बाईनं हौसेनं चर्चमधल्या आठ मैत्रिणींना शनिवारी दुपारच्या खेळाला नेलं. पडद्यावर आधी दोन पोरं स्वयंपाकघरात शिरली आणि त्यांनी त्या पातेल्यात जे केलं, ते इथं लिहायची सोय नाही. तो प्रसंग तिच्या माघारी, वेगळ्या दिवशी, तसल्याच दुसऱ्या पातेल्यावर घेतलेला. मग आर्लीन आली. चाखलं. म्हणाली, "आज जमलीय." थिएटर हसून लोळायचं बाकी राहिलं.

तीस वर्षांपासूनची मैत्रीण फिलिस शेजारीच होती. तिनं तोंडावर हात धरला होता. आर्लीनला वाटलं, हसतेय. पण ती हसत नव्हती.

"अगं, ते सगळं जोडलेलं आहे," आर्लीन गाडीत म्हणाली. "माझ्या पातेल्याला कुणी हातसुद्धा लावला नाही."

"ते कळतं गं मला," फिलिस म्हणाली, आणि घर येईपर्यंत खिडकीबाहेर बघत राहिली.

कळत होतं सगळ्यांनाच. पण कळणं डोक्यात असतं आणि घास पोटात जातो. त्या रविवारी कुणाचं पोट जड होतं, कुणाला डॉक्टरनं दूध बंद केलं होतं. पाद्रीबुवांनी तेवढी एक पळी वाढून घेतली, आणि नंतर त्या बशीवर कागदी रुमाल पांघरून ठेवला. भरलेलं पातेलं आर्लीननं तसंच घरी नेलं.

तिनं सिनेमावाल्यांना फोन केला. "तेवढा माझा तुकडा काढता येणार नाही का?"

"सही आहे ना तुमची," पलीकडची मुलगी गोड आवाजात म्हणाली. "आणि लोक सगळ्यात जास्त तुमच्यावरच हसतात. आठव्या भागात याल का?"

आर्लीननं फोन ठेवला.

शरदात पोरं परतली ती गळ्यातच पडली. "मिस आर्लीन, एकदा म्हण ना, 'आज जमलीय'!" आणि मेल्यांनी तीन-तीनदा वाढून घेतलं. हसत होते तेच पोटभर खात होते, आणि चर्चमधले, ज्यांनी तिच्या हातचं तीस वर्षं खाल्लं, ते तिच्यासमोर सॅलड चिवडत होते. पोरांवर चिडावं, तर ती प्रेमानंच म्हणत होती.

पुढच्या महिन्यात चर्चचा वार्षिक जेवणाचा दिवस आला. आर्लीननं पहाटे उठून पुन्हा ग्रेव्ही केली. एकटीच होती, दाराला कडी होती. चाखायला चमचा उचलला आणि तिनं मान वळवून मागे बघितलं.

मागे कुणी नव्हतं. तरी चमचा तोंडाजवळ जाईना. तिनं अख्खं पातेलं मोरीत ओतलं आणि जाता जाता दुकानातून चॉकलेटचा केक घेतला.

अर्ध्या तासात केक फस्त झाला. फिलिसनं दुसऱ्यांदा तुकडा घेतला आणि आर्लीनच्या दंडावर मायेनं हात ठेवला.

"बरं केलंस हो, केक आणलास ते," ती म्हणाली.