खालच्या मजल्यावरची टीव्हीवाली

लॉकडाउनच्या काळात बुइटनव्हेल्डर्ट या डच उपनगरात आमच्या खालच्या मजल्यावर एक जर्मन बाई राहायच्या. त्यांच्या देशात म्हणे त्या वीस वर्षं टीव्हीवर होत्या. आधी प्रश्नमंजूषा, मग माहितीपट. इथे मात्र सुपरमार्केटच्या रांगेत सगळ्यांसारख्याच दीड मीटरवर उभ्या असत. पूर्वी मागे आठ माणसांचं युनिट. आता कॅमेरा, दिवा, माइक सगळं एकटीनेच उचलायचं. शेजाऱ्यांवर त्या एक मालिका करत होत्या. पहिले दोन भाग पडले होते. तिसऱ्यातही काही घडलं नाही तर मालिका बंद, असं चॅनेलने कळवलंय, हे त्यांनीच आम्हाला जिन्यात सांगितलं.

मदतीला आम्ही एका पायावर तयार. घरी दीड दिवसाचा गणपती, बादलीत विसर्जन. त्यांना तिसऱ्या भागाचा शेवट मिळणार होता आणि आम्हाला प्रसिद्धी. मी पैठणी काढली. नवऱ्याने सहा महिन्यांनी दाढी केली.

पुण्याहून सासूबाई व्हिडिओ कॉलवर सूत्रं हलवत होत्या. पाहुणी उपाशीपोटी काम करणार, हे त्यांना बघवेना. आधी मोदक वाढायला लावला, वर तुपाची धार, आणि चमचा द्यायचा नाही, हातानेच फोडायचा. बाईंनी मुकाट्याने आज्ञा पाळली. सवय नसल्यामुळे दोन्ही हात तुपात, कॅमेरा बाजूला. तेवढ्यात सासूबाईंनी तिकडून ‘मोरया’ म्हटलं आणि त्यांच्या गुणी बाळाने, म्हणजे माझ्या नवऱ्याने, मूर्ती बादलीत सोडली.

घास गिळून बाईंनी विचारलं, पुन्हा एकदा करता येईल का?

मी प्रश्न पुण्याला पोचवला. "अगं, निरोप दिलेल्याला कोणी परत बाहेर काढतं का?" सासूबाई म्हणाल्या.

बाई मग बराच वेळ बादलीचंच शूटिंग करत बसल्या. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तरी जाताना डब्यात चार मोदक दिलेच.

मालिका बंद झाली. जिन्यात उद्याचं हवामान सांगावं तसं त्यांनी ते सांगितलं.

पुढच्या वर्षी मी त्यांना पुन्हा बोलावलं. कॅमेरा नव्हता, आता त्या ऑनलाइन जर्मन शिकवत होत्या. नवऱ्याने मूर्ती उचलली, तशा सासूबाई स्क्रीनवरून म्हणाल्या, "थांब रे. आधी त्यांचं खाऊन होऊ दे. हात धुऊ दे त्यांना."

आम्ही सगळे थांबलो. बाईंनी सावकाश हात धुतले, पुसले, बादलीजवळ येऊन उभ्या राहिल्या. आणि ते मोकळे हात कुठे ठेवावेत, ते त्यांना कळेना.