पत्रकात बांधलेली सुंगटं

आज डबा उघडला आणि सुक्या सुंगटांचा, म्हणजे कोळंबीचा, उग्र, खारट वास घरभर पसरला. सुंगटं कधीच संपली. तळाशी राहिला आहे तो त्यांना बांधून दिलेला कागद. माझंच पत्रक. त्यावर एका बाईचा चेहरा आणि खाली माझे ठळक शब्द: ‘हिला कोणी विचारलं?’

मालवणच्या बाजारात ती सुकी मासळी विकायची. आरोग्य केंद्राच्या फलकावर तिचा फोटो होता. पुढे नवरा, मागे अर्धवट झाकलेली ती, दोन मुलं, आणि वर मजकूर: ‘शहाण्या बापाचं छोटं कुटुंब’. स्त्रीचळवळीची पत्रकं वाचत वाढलेली मी तो फलक पाहून पेटले. जाहिरातींतली बाई आणि तिच्या कुशीवरचा हक्क, हाच माझ्या प्रबंधाचा विषय होता. हिचं नसबंदीचं ऑपरेशन नवऱ्यानं आणि सरकारनं लादलं असणार, हे मी गृहीत धरलं. फोटोतल्या नवऱ्याला कापून फक्त तिचा चेहरा छापला आणि बाजारभर पत्रकं वाटली. तिलाही एक दिलं, अभिमानानं.

तिनं शेजारणीकडून ते वाचून घेतलं. मग माझ्याकडे वळली.

“तू तरी माका खंय इचारलंस गो? आईकडे जातंय सांगून मी माझ्या पायान गेल्लंय थंय, आपरेशनाक. घोवाक मागसून कळला, आठ दिस बोलूक नाय. त्येंनी फलकार त्येका शहाणो केल्यानी, तू माका बापडी केलंस. जल्मात एक गोष्ट माझ्या मनान केलंय, तीय तू सरकाराक देऊन टाकलंस.”

तिनं त्याच कागदात मूठभर सुंगटं बांधली आणि माझ्या हातात पुडी ठेवली. “घे. कागद बरो जाड आसा.”

प्रबंधातलं तिच्यावरचं प्रकरण मी फाडलं. उरलेली पत्रकं परत गोळा केली, मिळाली तेवढी. महिनाभरानं नवं प्रकरण लिहून तिच्या टोपल्यांपाशी बसले आणि मोठ्यानं वाचलं. ‘धाडसी’ या शब्दावर तिनं थांबवलं.

“ह्या काढ. धाडस कसला? दोघांक वाढवताना जीव जाय. तिसरा नको होता, इतक्याच लिव.”

मी खोडलं. पुढेही बरंच खोडलं. शेवटी तिनं तिचं नावही काढायला लावलं, आणि उठताना पदरानं माझ्या कपाळावरचा घाम पुसला.

तो फलक आता गंजून गेला आहे. तिच्या जागेवर गेल्या पावसाळ्यापासून तिची मुलगी बसते. मी अजूनही लिहिते, चिडूनच लिहिते. त्याची मला लाज नाही. पण छापायला देण्याआधी हात थांबतो. हा मजकूर ऐकायला ती नाही. असती तर यातलंही काहीतरी तिनं खोडायला लावलं असतं. नेमकं काय, ते मी हे लिहिलेलं पुन्हा पुन्हा वाचून शोधते आहे.