लादलेल्या गाडीची रुंदी

ज्या इंग्रज न्यायाधीशाचे चरित्र मी सध्या लिहीत आहे, त्यांनी माझ्या आजोबांविरुद्ध निकाल दिला होता. आमच्या घरी त्यांचा उल्लेख 'लालतोंड्या' असाच होई. शेजाऱ्याच्या घरचे जेवून त्याने आम्हाला हरवले, ही आमच्या घराण्याची ठाम समजूत. मीही ती लहानपणापासून पुराव्याविना मान्य केली, हे कबूल करतो.

मी न्यायालयात नकलनवीस होतो. जुन्या निकालांच्या प्रती हाताने उतरवून देणे हे माझे काम असल्याने या साहेबांची सारी कारकीर्द माझ्या बोटांतून गेली. छिंदवाड्यास नवे आले तेव्हाचे त्यांचे निकाल आखूड आणि उर्मट आहेत: साक्षीदार खोटा, दावा खारीज. जंगलातले गवत कापले म्हणून त्यांनी सौसरकडची माणसे तुरुंगात धाडली. त्याबद्दल मी त्यांना आजतागायत क्षमा केलेली नाही आणि तसे चरित्रात स्पष्ट लिहिले आहे. पुढे ते मराठी शिकले, त्यांनी दुभाष्याला रजा दिली आणि निकाल लांबत गेले. उतारवयात त्यांना कमी ऐकू येऊ लागले असावे. कारण साक्षी थोडक्यात आटोपतात आणि जागेची पाहणी मात्र पानेच्या पाने चालते. मग निवृत्ती, बोट, विलायत. पुढचा कागद माझ्यापाशी नाही.

आजोबांचा निकाल मात्र मी नोकरीभर कधी बाहेर काढला नाही. तो काढण्याची वेळ गेल्या दिवाळीनंतर आली.

आमच्या शेतात जायला एकच पांदण आहे. तिच्या डाव्या अंगाला आम्ही, उजव्या अंगाला शेजारी. त्या शेजाऱ्यांचा नातू आता शेती पाहतो. त्याच्या मागच्या शेताला पलीकडून सिमेंटचा रस्ता झाल्यापासून पांदणीची त्याला गरज उरली नाही. त्याने काटेरी तार हातभर पुढे सरकवली आणि आत संत्र्याची रोपे लावली. माझ्या बगीच्यात संत्र्याचा आंबिया बहार पिवळा होऊन लटकत होता. व्यापारी पांदणीच्या तोंडाशीच थांबून म्हणाला, "ट्रॉली आत आली तर माल उचलतो. नाहीतर तिगावचा बगीचा पाहून ठेवला आहे."

मी पटवाऱ्याला लिहिले. त्याने रिकाम्या बैलगाडीच्या दोन चाकांमधले अंतर मोजले आणि 'रस्ता खुला' असा शेरा मारला. मी तहसीलदारांना लिहिले, आणि आता पांढुर्णा जिल्हा झालाच आहे तर कलेक्टरांनाही लिहिले. शेजारी तारेपलीकडून हसत असे.

"काकाजी, चाकं जातात ना? जामसांवलीच्या मारुतीची आण, बोटभर जागा तुमची घेतली नाही."

"जागा माझी नाही, पांदणीची घेतलीस. आणि गाडी म्हणजे काय नुसती चाकं असतात?"

"मंग लिहा अजून एक पत्र. पोस्टमन गरीब हाय, त्याचं पोट चालून राहिलं."

घरी सौभाग्यवतींनी वेगळाच मुद्दा काढला. "अवो, पांदणीचा निकाल तुमच्या त्या साहेबानंच देल्ला होता ना? तो कागद काहून नाही काढत?"

"त्यात आपल्या घराची बदनामी आहे."

"मंग बदनामी झाकाची, का संत्रा सडवाचा?"

मी छिंदवाड्याहून प्रमाणित प्रत आणली आणि ओट्यावर बसून वाचली. त्या काळी बाभळीचे कुंपण पांदणीत सरकवणारे माझे आजोबा होते. दावा शेजाऱ्यांच्या आजोबांचा होता. साहेब वेचणीच्या दिवसांत स्वतः आले. त्यांनी गाडीत कापूस रचायला लावला, चाकांच्या बाहेर फुगेल असा, जसा आपण सारे रचतो, आणि ते गाडीमागून पायी चालले. आमच्या बाभळीच्या काट्यांना कापसाचे पुंजके अडकले. ते त्यांनी टाचणीने कागदाला टोचून पुरावा म्हणून दाखल केले आणि ठरवले की पांदणीची रुंदी लादलेल्या गाडीची, रिकाम्या गाडीची नव्हे. शेवटी त्यांनी एक गोष्ट आपणहून नोंदवली होती. दुपारची भाकर त्यांनी त्या दिवशी खाल्ली होती ती आमच्याच ओट्यावर.

त्याच ओट्यावर बसून मी नवा अर्ज लिहिला आणि निकालाची प्रत त्याला जोडली.

माझ्या अर्जावरून नायब तहसीलदार मोक्यावर आले. गाव जमले. मी निकाल पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत मराठीत वाचून दाखवला. एक शब्द गाळला नाही. शेजाऱ्याने टाळी वाजवली.

"म्हणजे काकाजी, पहिला चोर तुमच्याच घरचा निंगाला!"

"निघाला. दुसरा कोण, ते गाडी सांगेल."

गाडीत भरायला माझ्याकडे कापूस नव्हता. "घ्या माहा," म्हणत त्यानेच आपला कापूस गाडीत रचवला, तोही मन लावून, उंच आणि फुगीर; त्याला दुसऱ्या तऱ्हेने रचताच येत नाही. बैल निघाले. चाके सुखरूप गेली. तारेवर मात्र पांढऱ्या पुंजक्यांची रांग लागली. शेजारी जवळ गेला, एक पुंजका बोटांत धरला आणि आधी स्वतःच हसला.

"अरे बाप्पा! माहाच कापूस माह्या विरोधात साक्ष देऊन राहिला!"

त्याच आठवड्यात तार मागे गेली. रोपे हलवताना दोन मी माझ्या बांधावर लावून घेतली. त्याने ती आपणहून दिली. ट्रॉली आत आली, भरून बाहेर गेली आणि तारेला कुठेही घासली नाही. नायब तहसीलदारांना मी आभाराचे पत्र लिहिले. त्यात पटवाऱ्याच्या मोजणीवर तीन आक्षेपही नोंदवले, कारण आभार आणि आक्षेप या स्वतंत्र बाबी आहेत.

तारेवरचा एक पुंजका मी टाचणीने चरित्राच्या वहीत टोचला आहे. आमच्या पांदणीचे प्रकरण त्या वहीत आजवर कोरे होते. आता त्याचे पहिले वाक्य लिहून झाले: साहेब आमच्याकडे जेवले, आणि आम्ही हरलो.